युसिफ वझीर चमनझमिनली: तेवीस महिन्यांच्या देशाचा राजदूत, आणि ‘अली आणि निनो’चा वाद

अझरबैजानी लेखक युसिफ वझीर चमनझमिनली हा १९१८ ते १९२० असे तेवीस महिने टिकलेल्या स्वतंत्र अझरबैजानचा राजदूतही होता. त्याच्याबद्दल मला विचारलेल्या प्रश्नात तीन गोष्टी एकत्र आल्यात: ‘अली आणि निनो’ ही कादंबरी खरंच युसिफ वझीर चमनझमिनलीने लिहिली का, तो नक्की डिप्लोमॅट होता का लेखक, आणि पॅरिसला सुखरूप पोचलेला माणूस स्टॅलिनच्या देशात परत का गेला. मी रशियन शिकवते, रशियनमधून भाषांतरं करते आणि कॉकेशसचे लेखक हा माझा बऱ्याच वर्षांचा अभ्यास आहे, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते. कादंबरीचं उत्तर मुद्दाम शेवटाकडे ठेवलंय. या माणसाबद्दल कोणीही विचारलं की पहिला प्रश्न तोच येतो, मग बोलणं तिथेच अडकतं, आणि त्याने स्वतःच्या नावाने जे लिहिलं ते कोणी उघडूनही बघत नाही. याचं मला खरंच वाईट वाटतं.

जन्म १२ सप्टेंबर १८८७ चा, शुशा गावातला. शुशा म्हणजे अझरबैजानच्या काराबाख भागातलं डोंगरावर बसलेलं किल्ल्याचं गाव, गवयांचं आणि शायरांचं गाव म्हणून प्रसिद्ध, संगीतकार उझेयिर हाजीबेयोव लहानाचा मोठा झाला तो इथेच. आपल्या माणसाचं खरं आडनाव वझीरोव, चमनझमिनली हे त्याने घेतलेलं टोपणनाव. घराणं काराबाखच्या खानांच्या पदरी असलेल्या वजिरांचं, पण ती खानशाही रशियाने १८२२ मध्येच मोडीत काढली होती, त्यामुळे मुलाच्या वाट्याला आली ती झारच्या राज्यातली ‘रिआल’ शाळा. रिआल शाळा म्हणजे लॅटिन-ग्रीकच्या ऐवजी गणित, विज्ञान आणि आधुनिक भाषा, माध्यम रशियन. तिथे असतानाच या पोराने ‘फोकुसनिक’ म्हणजे जादूगार नावाचं हस्तलिखित मासिक काढलं होतं, तेही रशियनमध्ये. घरात एक भाषा, शाळेत दुसरी आणि जुन्या साहित्याची फारसी तिसरी, हे त्या पिढीतल्या सगळ्यांचंच होतं आणि पुढे डिप्लोमसीत ते कामी आलं.

१९०५ मध्ये बाकूत आणि मग शुशातही आर्मेनियन आणि मुसलमान यांच्यात भयंकर दंगली झाल्या. (रशियन कागदपत्रांत या मुसलमानांना ‘तातार’ म्हणतात, ‘अझरबैजानी’ हा शब्द लोकांसाठी नंतर रूढ झाला, त्यामुळे जुन्या कागदांत शोधताना ‘तातार’ शोधा नाहीतर हाताला काहीच लागणार नाही.) शुशातलं शिक्षण तुटलं, तो बाकूला आला आणि १९०९ मध्ये तिथल्या रिआल शाळेतून बाहेर पडला. तेव्हाचं बाकू म्हणजे तेलाचं शहर, विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला जगातलं जवळपास निम्मं तेल एकट्या या भागातून निघत होतं. पैसा होता, पेपर होते, नाटकं होती, आणि १९०६ पासून तिफ्लिसहून (आजचं जॉर्जियातलं तिबिलिसी) निघणारं ‘मोल्ला नसरेद्दीन’ हे व्यंगचित्रांचं साप्ताहिक घराघरात मुल्ला-मौलवींची आणि बेगांची म्हणजे जमीनदारांची खिल्ली उडवत होतं. त्याच वाऱ्यात याच्या पहिल्या कथा आल्या.

१९१० मध्ये तो कीवला गेला, सेंट व्लादिमिर विद्यापीठात कायदा शिकायला. हा काळ मला फार महत्त्वाचा वाटतो. मुसलमान घरातली विशीतली पोरं, घरापासून शेकडो मैल, पहिल्यांदाच रशियन मुलींशी मोकळेपणी बोलतायत, रात्र रात्र वाद घालतायत की आपण कोण, तुर्क का मुसलमान का रशियाचे प्रजाजन. त्याची नंतरची ‘विद्यार्थी’ ही कादंबरी याच दिवसांवर आहे. आणि कीवमध्ये असतानाच १९१३ मध्ये त्याची दोन छोटी पुस्तकं आली, ‘आपल्या बायकांची अवस्था’ आणि ‘आई आणि मातृत्व’. नाव वाचूनच कळतं विषय काय ते. ज्यांना आपल्याकडचे आगरकर माहीत आहेत त्यांना यातला सूर लगेच ओळखीचा वाटेल, बाईला घरात कोंडून समाज पुढे जाईल कसा, हा प्रश्न आहे. हे सगळं नुसतं भावनेने नाही, कायद्याचा विद्यार्थी लिहितोय हे जाणवतं.

पहिल्या महायुद्धात विद्यापीठ सारातोवला हलवलं, तिथून १९१५ मध्ये त्याने पदवी घेतली. मग युद्धात गॅलिशियाच्या (आजचा पश्चिम युक्रेन आणि आग्नेय पोलंड) बाजूला मदतकार्य, मग परत कीव. १९१७ ची क्रांती झाली तेव्हा तो कीवमध्ये होता आणि तिथल्या अझरबैजानी मंडळींना संघटित करायच्या कामात पडला. त्याची नंतरची ‘१९१७ साली’ ही कादंबरी म्हणजे ‘विद्यार्थी’चाच पुढचा भाग.

आता डिप्लोमसी. इथे जरा थांबते कारण लोकांना ‘राजदूत’ म्हटलं की बंगला, मोटार आणि झेंडा डोळ्यासमोर येतो, आणि इथे परिस्थिती फार वेगळी होती.

२८ मे १९१८ ला तिफ्लिसमध्ये अझरबैजानच्या राष्ट्रीय परिषदेने स्वातंत्र्य जाहीर केलं. जाहीर केलं तेव्हा बाकू त्यांच्या हातात नव्हतं, तिथे बोल्शेविक बसले होते! सरकार आधी गांजा शहरात गेलं, १५ सप्टेंबरला ऑटोमन सैन्याच्या मदतीने बाकू मिळालं, दीड महिन्यात, ३० ऑक्टोबरला, ऑटोमनांनी मुद्रोसला शस्त्रसंधी केली आणि तुर्की फौज निघून गेली, नोव्हेंबरात जनरल थॉमसन ब्रिटिश फौज घेऊन बाकूत उतरला, आणि ७ डिसेंबरला संसदेचं उद्घाटन झालं. एका वर्षाच्या आत इतकी उलथापालथ. तरी या देशाने बायकांना मताचा हक्क दिला, १९१९ मध्ये बाकूत विद्यापीठ काढलं, आणि १०० विद्यार्थी सरकारी खर्चाने युरोपात शिकायला पाठवायचं ठरवलं. हे सगळं २३ महिन्यांत.

अशा देशाला परराष्ट्र खातं कुठून येणार. झारच्या परराष्ट्र खात्यात मुसलमान अधिकारी जवळपास नव्हतेच. मग वकील, पत्रकार, इंजिनिअर, डॉक्टर असे जे शिकलेले मिळाले त्यांनाच बाहेर पाठवलं. पॅरिसच्या शांतता परिषदेला गेलेल्या शिष्टमंडळाचा प्रमुख अलीमर्दान तोपचुबाशोव, तो वकील आणि ‘कास्पी’ पेपरचा संपादक. आणि चमनझमिनली, वकील आणि कथालेखक, त्याला आधी युक्रेनमध्ये नेमलं. निवड अगदी योग्य, कीव त्याला गल्लीबोळासकट माहीत. पण १९१८ च्या डिसेंबरात तिथला हेटमन म्हणजे शासनप्रमुख स्कोरोपाद्स्की पडला, फेब्रुवारी १९१९ मध्ये बोल्शेविक कीवमध्ये शिरले, म्हणजे ज्या सरकारसमोर ओळखपत्र ठेवायचं ते सरकारच जागेवर नाही. त्या नेमणुकीतून राजकीय असं काही निघालं नाही. पण याच सुमारास त्याने लिथुआनियाच्या तातारांवर (हे तातार वेगळे, लिथुआनियात शतकानुशतकं राहिलेले मुसलमान) एक अभ्यासलेख लिहिला, १९१९ चा. वरवर पाहिलं तर विषय आडवाटेचा वाटेल, पण त्याच लिथुआनियन तातारांमधला जनरल सुल्केविच क्राइमियात सरकार चालवून नंतर अझरबैजानच्या सैन्याचा चीफ ऑफ स्टाफ झाला, त्यांच्यातलेच काही कायदेतज्ज्ञ बाकूच्या सरकारात आले. म्हणजे नव्या देशाला जी माणसं मदत करतायत ती कोण, कुठली, हे आपल्या लोकांना सांगायचं काम तो करत होता. हा त्याचा स्वभावच होता, नेमणूक कुठेही असो, आधी वाचायचं, मग लिहायचं.

१९१९ मध्ये त्याला इस्तंबूलला पाठवलं. कागदावर हे सगळ्यात मोठं पद, कारण ऑटोमन तुर्कस्तान म्हणजे भाषेने आणि नात्याने जवळचा देश. पण इस्तंबूलमध्ये तेव्हा काय चाललं होतं बघा. नोव्हेंबर १९१८ पासून दोस्त राष्ट्रांची जहाजं बॉस्फरसमध्ये नांगर टाकून उभी, १६ मार्च १९२० ला शहराचा रीतसर ताबाच घेतला, सुलतानाचं सरकार नावापुरतं, खरा कारभार ब्रिटिश-फ्रेंच-इटालियन हाय कमिशनरांचा, आणि दुसरीकडे अनातोलियात मुस्तफा कमालची चळवळ जोर धरतेय. म्हणजे राजदूताने बोलायचं कोणाशी? कागदोपत्री ज्याच्याकडे आलोय त्याच्या हातात काही नाही, ज्याच्या हातात आहे तो आपल्या देशाला देश मानायला तयार नाही. तोपचुबाशोवचं शिष्टमंडळ तर पॅरिसला जाताना याच इस्तंबूलमध्ये परवानगीची वाट बघत कित्येक महिने अडकून पडलं होतं, आणि अखेर २८ मे १९१९ ला, बरोबर स्वातंत्र्याच्या पहिल्या वाढदिवशी, ते अमेरिकेच्या अध्यक्ष विल्सनला भेटले तेव्हा विल्सनचा सूर असा की जगाचे छोटे छोटे तुकडे करायची आमची इच्छा नाही. दोस्त राष्ट्रांनी प्रत्यक्षातली मान्यता दिली ती जानेवारी १९२० मध्ये. त्यानंतर चार महिनेही झाले नाहीत, २८ एप्रिल १९२० ला लाल सैन्य बाकूत, सरकार संपलं.

आणि राजदूत इस्तंबूलमध्ये. त्याला परत बोलावणारं कोणी नाही, पगार पाठवणारं कोणी नाही, अंकारातलं नवं तुर्की सरकार मॉस्कोशी जुळवून घेतंय म्हणून तिथूनही आशा नाही.

त्याने काय केलं, तर १९२१ मध्ये इस्तंबूलमध्येच दोन पुस्तकं छापली. एक ‘अझरबैजानी साहित्यावर एक दृष्टिक्षेप’, दुसरं ‘ऐतिहासिक, भौगोलिक आणि आर्थिक अझरबैजान’. डिप्लोमॅट का लेखक, या प्रश्नाचं उत्तर मला या दोन पुस्तकांत दिसतं. पहिल्यात तो जुन्या शायरांपासून आपल्या काळापर्यंत येतो, दुसऱ्यात जमीन, लोक, व्यापार, तेल. देश नकाशावरून गेल्यावर एका वर्षात हा माणूस त्या देशाची फाईल तयार करतोय, की हे बघा, इथे लोक राहतात, त्यांची भाषा ही, त्यांचे कवी हे, त्यांच्या जमिनीतून हे निघतं. साहित्याचा इतिहास हा त्याच्या दृष्टीने राजदूताच्या कामाचाच भाग होता. खाती, शिक्के, कचेरी सगळं गेलं तरी तेवढं काम त्याच्या एकट्याच्या हातात शिल्लक होतं आणि ते त्याने केलं. माझ्या मते राजदूत म्हणून त्याची सगळ्यात मोठी कामगिरी ही, आणि ती त्याची नोकरी गेल्यानंतरची आहे.

१९२३ मध्ये तो पॅरिसला गेला, धाकटा भाऊ तिथे शिकत होता. पॅरिसमधले निर्वासित म्हणजे कॅफेत बसून राजकारण, असं चित्र असतं, पण याच्यासारख्यांना पोटासाठी कारखान्यात जावं लागलं, पॅरिसच्या उत्तरेला क्लिशी नावाच्या कामगार वस्तीत तो कारखान्यात काम करायचा. छत्तिशीतला वकील, माजी राजदूत, शिफ्टला जातोय. आणि १९२५ मध्ये भाऊ वारला. त्यानंतर त्याने सोव्हिएत अझरबैजानकडे परत यायला अर्ज केला, परवानगी मिळाली आणि १९२६ मध्ये तो बाकूत उतरला.

आता लोक इथे म्हणतात की केवढा भोळा, सिंहाच्या तोंडात स्वतःहून गेला. मला हे अजिबात पटत नाही. १९३७ मधलं स्टॅलिनचं अटकांचं आणि हत्यांचं सत्र आपल्याला माहीत आहे म्हणून १९२६ वाचताना आपण १९३७ च्या चष्म्यातून वाचतो. १९२६ चं बाकू कसं होतं? सोव्हिएत सरकारचं त्या वेळचं धोरण होतं स्थानिक भाषांना पुढे आणायचं, शाळा, पेपर, थिएटर, प्रकाशनं त्या त्या भाषेत काढायची. त्याच वर्षी फेब्रुवारी-मार्चमध्ये बाकूत पहिली तुर्कविद्या परिषद, म्हणजे तुर्की गटातल्या भाषांच्या आणि लोकांच्या अभ्यासाची परिषद भरली, भाषा, लिपी, लोकसाहित्य यावर जगभरचे पंडित येऊन बोलले. शब्दकोश हवे होते, भाषांतरकार हवे होते, शिक्षक हवे होते. रशियन लेखकांपैकी अलेक्सेय टॉलस्टॉय १९२३ मध्येच परत गेला होता आणि त्याचं उत्तम चाललं होतं. आणि इकडे पॅरिसमध्ये काय, तर भाऊ गेलेला, वाचक नाहीत, भाषा बोलायला माणसं मूठभर. ज्याने आयुष्यभर एकाच लोकांसाठी एकाच भाषेत लिहिलं त्याला लिहायचं असेल तर जागा एकच होती. तो लिहायला परत गेला आणि पहिली दहा वर्षं त्याने ते भरपूर केलंही, म्हणजे त्याचा हिशोब तेव्हा तरी चुकलेला नव्हता.

त्याच शुशातल्या जेयहून हाजीबेयलीशी तुलना करून बघा, संगीतकार उझेयिरचा भाऊ. तोही पॅरिसला शिष्टमंडळाबरोबर गेला, पण परतला नाही, १९६२ मध्ये तिथेच वारला. तो जगला, पण मायदेशात त्याचं नाव घ्यायची सोय नव्हती, आणि तिकडे उझेयिर सरकारी मानसन्मानात, भाऊ परदेशात आहे हे ओझं डोक्यावर घेऊन. त्या पिढीत कुठलाच रस्ता स्वस्त नव्हता.

बाकूत चमनझमिनलीने पेपरमध्ये भाषांतराचं काम केलं, कॉलेजात शिकवलं, रशियन-अझरबैजानी शब्दकोशाच्या कामात होता, रशियन क्लासिक्स भाषांतरित केले, लोककथा गोळा केल्या, गावाकडच्या चालीरीतींत झरथुष्ट्री काळाच्या कुठल्या खुणा उरल्यात यावर लिहिलं. लग्न झालं, मुलं झाली. १९३१ मध्ये ‘विद्यार्थी’ आली, १९३४ मध्ये ‘मुलींचा झरा’, जी इस्लामच्या फार आधीच्या टोळ्यांच्या, अग्निपूजकांच्या जगात घडते, १९३५ मध्ये ‘१९१७ साली’.

पण मला जवळून दाखवायचीय ती ‘दोन आगींमध्ये’, जी ‘रक्तात’ या नावानेही छापली गेलीय. लिहिली १९३६-३७ मध्ये. काळ अठराव्या शतकाचा शेवट, गाव शुशा, नायक मोल्ला पनाह वागिफ. वागिफ ही खरी व्यक्ती, अझरबैजानी भाषेतला फार मोठा कवी आणि त्याच वेळी काराबाखच्या इब्राहिम खलील खानाचा वजीर, म्हणजे परराष्ट्र कारभार बघणारा माणूस. दोन आगी म्हणजे एकीकडे इराणचा आगा मोहम्मद खान काजार आणि दुसरीकडे कॅथरीनचा रशिया. १७९५ मध्ये काजारने शुशाला वेढा घातला तो फसला, १७९७ मध्ये तो परत आला आणि किल्ला मिळवला, वागिफला कैदेत टाकलं, आणि मग शुशातच एका रात्री काजारला त्याच्याच नोकरांनी मारलं. वागिफ सुटला. पण थोड्याच दिवसांत खानाच्या पुतण्याने सत्ता हातात घेतली आणि वागिफला मुलासकट मारून टाकलं. बाहेरच्या शत्रूच्या हातून वाचलेला कवी घरच्याच माणसाकडून गेला.

आता हे कोण लिहितोय ते बघा. वजिराच्या घराण्यातला, शुशाचा, स्वतः लेखक, स्वतः एका छोट्या देशाचा दूत होता जो दोन मोठ्या सत्तांमध्ये चिरडला गेला. आणि कधी लिहितोय, तर १९३६-३७ मध्ये बाकूत बसून, जेव्हा १९१८ च्या सरकाराबद्दल एक चांगला शब्द लिहिणं म्हणजे जीव जाणं. १९१८ बद्दल लिहिता येत नाही म्हणून तो १७९७ बद्दल लिहितो, असं मी ठामपणे म्हणणार नाही, इतिहासाची त्याला आवड मुळातच होती. पण छोट्या राज्याचा वजीर रात्री पत्रं लिहितोय, एकाला दुखवायचं नाही, दुसऱ्याला वचन द्यायचं नाही, हे जे बारकावे त्यात आहेत ते नुसत्या ऐकीव माहितीवर लिहिणाऱ्याला सुचणारे नाहीत. इस्तंबूलचा अनुभव असल्याशिवाय ही कादंबरी झाली नसती असं मला वाटतं. कादंबरी पूर्ण रूपात वाचकांपर्यंत पोचली ती त्याच्या मृत्यूनंतर, १९६० च्या दशकात.

१९३७ मध्ये सुरू झालं. ‘विद्यार्थी’वर टीका, राष्ट्रवाद्यांना सहानुभूती दाखवली म्हणून, मग लेखक संघातून हकालपट्टी, नोकऱ्या गेल्या. मुलांनी नंतर सांगितलंय की त्या दिवसांत त्याने आपले बरेच कागद स्वतः जाळले. आजूबाजूला काय चाललं होतं: कवी अहमद जवाद १९३७ च्या ऑक्टोबरात गोळी घालून मारला, तरुण कवी मिकायिल मुश्फिग जानेवारी १९३८ मध्ये, नाटककार हुसेन जाविदला अटक आणि सैबेरिया, तिथेच तो १९४१ मध्ये वारला. चमनझमिनलीने अझरबैजानच्या कम्युनिस्ट पक्षाचा प्रमुख मीर जाफर बागिरोवला पत्रं लिहिली, काम द्या म्हणून, उपयोग झाला नाही. मग १९३८ मध्ये घरच्यांना बाकूत ठेवून तो उझबेकिस्तानात उर्गेंचला गेला, तिथल्या शिक्षक प्रशिक्षण संस्थेत रशियन शिकवायला. लांबच्या गावात गेलं की नाव विसरलं जाईल अशी आशा तेव्हा अनेकांना असायची, काहींच्या बाबतीत ती खरीही ठरली. याच्या नाही. जानेवारी १९४० मध्ये उर्गेंचला अटक झाली, बाकूला आणलं, १९४१ मध्ये ८ वर्षांची शिक्षा, रवानगी गोर्की प्रांतात सुखोबेझ्वोदनोये स्टेशनजवळच्या लाकूडतोडीच्या छावणीत. १९४२ आणि १९४३ ही गुलागमधली, म्हणजे सोव्हिएत सक्तमजुरीच्या छावण्यांमधली, सगळ्यात जास्त मृत्यूंची वर्षं, युद्धामुळे छावण्यांचं धान्य आटलेलं आणि कामाचा कोटा तसाच. ३ जानेवारी १९४३ ला तो गेला, वय ५५. निर्दोष ठरवलं १९५६ मध्ये, आणि ज्या बागिरोवला पत्रं लिहिली होती त्यालाही त्याच वर्षी खटला चालवून गोळी घातली.

ज्यांना या विषयात पुढे वाचायचंय त्यांना कामाची एक गोष्ट सांगते. सोव्हिएत तपासाच्या फाईल आता बऱ्याच ठिकाणी छापून आल्यात आणि लोक त्यातले जबाब उचलून ‘त्याने स्वतः कबूल केलं’ असं लिहितात. तसं करू नका. त्या जबाबांची भाषा तपास अधिकाऱ्याची असते, ‘मी प्रतिक्रांतिकारी राष्ट्रवादी संघटनेचा सक्रिय सदस्य होतो’ असं वाक्य कुठलाही माणूस स्वतःच्या तोंडाने बोलत नाही, आणि तेच वाक्य शब्दशः दहा वेगवेगळ्या लोकांच्या जबाबात सापडतं. त्या फाईलमधून घ्यायचं ते पत्ते, तारखा, जप्त केलेल्या वस्तूंची यादी, कोणाला कधी भेटला. तसंच १९३० च्या दशकातल्या नोकरीच्या अर्जातली आत्मचरित्रं, त्यात माणूस काय गाळतोय ते बघायचं. आणि फेब्रुवारी १९१८ च्या आधीच्या रशियन तारखा जुन्या कॅलेंडरच्या असतात, विसाव्या शतकात १३ दिवसांचा फरक पडतो, त्यावरून लोक उगाच भांडतात.

आता ‘अली आणि निनो’. ही कादंबरी १९३७ मध्ये व्हिएन्नात, जर्मन भाषेत, कुर्बान सईद या नावाने निघाली. बाकूतला मुसलमान तरुण आणि जॉर्जियन मुलगी, पार्श्वभूमीला युद्ध आणि तोच २३ महिन्यांचा देश. कुर्बान सईद कोण यावर दोन मुख्य दावे. एक लेव्ह नुसिम्बाउम, बाकूच्या तेलव्यावसायिकाचा ज्यू मुलगा, बर्लिनला जाऊन मुसलमान झाला आणि एसाद बे नावाने ढीगभर पुस्तकं लिहिली, १९४२ मध्ये इटलीत पोझितानोला वारला. दुसरा चमनझमिनली, हा दावा त्याच्या मुलांनी आणि बाकूतल्या अभ्यासकांनी लावून धरला, २०११ मध्ये एका मासिकाने त्यावर अख्खा विशेषांक काढला.

तिसरं एक नाव आहे आणि त्याचा धागा भारतापर्यंत येतो. जर्मन ग्रंथसूचीत कुर्बान सईद हे टोपणनाव नोंदलंय ते एल्फ्रिडे एहरेनफेल्स या ऑस्ट्रियन बॅरोनेसच्या नावावर. तिचा नवरा ओमर रोल्फ एहरेनफेल्स, मानववंशशास्त्रज्ञ, नाझी ऑस्ट्रियात आल्यावर पळून हैदराबादला आला, युद्धात ब्रिटिशांनी त्याला नजरकैदेत ठेवलं आणि पुढे तो मद्रास विद्यापीठात मानववंशशास्त्र विभागाचा प्रमुख झाला. बॅरोनेसचं नाव का, याचं सगळ्यात पटणारं कारण असं की नाझींनी १९३५ मध्ये नुसिम्बाउमला लेखकांच्या सरकारी संस्थेतून काढलं होतं, ज्यू लेखकाला जर्मन बाजारात पुस्तक विकून पैसे मिळवायचे तर दुसऱ्याचं नाव लागणारच.

माझं मत विचाराल तर कादंबरी नुसिम्बाउमच्या हातची. चमनझमिनलीच्या बाजूचे पुरावे बहुतेक ‘हे तपशील त्याच्या आयुष्याशी जुळतात’ अशा प्रकारचे आहेत, शुशा, रिआल शाळा, राष्ट्रीय सरकार, पॅरिस. पण हे तपशील त्या पिढीतल्या कित्येकांशी जुळतात. हस्तलिखित नाही, करारात त्याचं नाव नाही, आणि १९२६ नंतर बाकूत बसलेल्या माणसाचं पुस्तक १९३७ मध्ये व्हिएन्नात कसं पोचलं याचा कागदी धागा नाही. उलट नुसिम्बाउम दुसऱ्यांचं लेखन बिनधास्त उचलायचा, ‘अली आणि निनो’मध्ये जॉर्जियन लेखक ग्रिगोल रोबाकिद्झेच्या कादंबरीतले तुकडे सापडलेत. त्यामुळे त्याने चमनझमिनलीचं छापील काही वाचून वापरलं असेल तर मला आश्चर्य वाटणार नाही. वापरलं असेल इतकंच, त्यापुढे जायला पुरावा हवा. बाकूतल्या लोकांची भावना मला समजते, ज्याचं सगळं हिरावलं त्याला निदान जगप्रसिद्ध कादंबरी तरी मिळावी. पण त्याची किंमत ठरवायला त्या कादंबरीची गरज नाही, त्याची स्वतःची चार-पाच पुस्तकं आहेत.

ती शोधताना अडचण लिपीची येते. १९२९ पर्यंत अझरबैजानी अरबी लिपीत, मग लॅटिन, १९४० पासून सिरिलिक, १९९१ नंतर परत लॅटिन, म्हणजे याच्या एका आयुष्यात तीन लिप्या झाल्या. इस्तंबूलची पुस्तकं अरबी लिपीत, ‘विद्यार्थी’ची पहिली आवृत्ती जुन्या लॅटिनमध्ये, मृत्यूनंतरच्या आवृत्त्या सिरिलिकमध्ये. नावही कधी युसिफ वझीर, कधी वझीरोव, कधी चमनझमिनली असं सुटं सुटं नोंदलेलं असतं, तिन्ही शोधा. रशियन येत असेल तर सोव्हिएत काळातली भाषांतरं सगळ्यात सोपी, ‘विद्यार्थी’ आणि ‘१९१७ साली’ पाठोपाठ वाचा, मग ‘दोन आगींमध्ये’ घ्या, आणि ती वाचताना काराबाखचा नकाशा शेजारी ठेवा, कारण कोणती फौज कुठल्या बाजूने शुशाकडे येतेय हे कळलं नाही तर वागिफ रात्रभर का जागा आहे तेही कळत नाही.